तळच्याला काही लागत नाही

बाई, परवा धाकट्या भावाच्या नातवाच्या जावळाची पत्रिका आली. तिच्या माथ्यावर छापलं होतं, 'श्री तळोबा प्रसन्न'. मी चष्मा पुसून दोनदा वाचलं. तुम्हाला जाऊन आता तीस वर्षं उलटून गेली, त्यामुळं हे बघायला तुम्ही नाही याचं मला बरं वाटलं, आणि बरं वाटल्याची लगेच लाज वाटली. पिंगळीच्या तुमच्या खोलीत स्टोपाशी बसून आपण एका वहीत जो देव लिहिला, ज्याला कान नाहीत, डोळे नाहीत, माणूस नावाचं काही या जमिनीवर राहतं हेही ज्याला ठाऊक नाही, तो आता माझ्या भावकीच्या पत्रिकेवर प्रसन्न असतो. जावळ त्याच्याच ओट्यावर आहे. येताना सगळ्यांनी पाच फळं आणावीत असंही खाली लिहिलंय. तुम्ही एकदा मला गावासमोर उभं राहून एक वाक्य बोलायला सांगितलं होतं, ते मी बोलले असते तर ही पत्रिका छापली गेली नसती. त्या वाक्याबद्दल लिहावं म्हणून दोन दिवस बसतेय, पण हात पुढं सरकत नाही. वय झालं, गुडघे दुखतात, ते आहेच. पण हा शीण त्याच्याही आधीचा आहे.

मी बावीस वर्षांची असेन. नुकतीच नोकरीला लागले होते. परभणीला मावशीकडं राहायची आणि गाडीनं पिंगळीला यायची. तुम्ही माझ्याहून बारा-तेरा वर्षांनी मोठ्या, वरच्या वर्गांना गणित आणि विज्ञान शिकवायचात, स्टेशनाजवळ एका खोलीत एकट्या राहायचात. परतीची पॅसेंजर कधी वेळेवर यायची नाही, म्हणून तुम्ही मला म्हणालात, "फलाटावर कशाला बसतीस? खोलीवर येत जा." तपासणीला साहेब येणार होते, मला पाठ टाचण कसं लिहितात ते नीट येत नव्हतं, तेव्हा तुम्ही चहा टाकता टाकता फळीकडं बोट केलंत आणि म्हणालात, घे त्यातली एक. तिथं सात-आठ वह्या होत्या, सगळ्यांना खाकी कव्हर, सगळ्यांवर तुमच्या ठसठशीत अक्षरात 'पाठ टाचण'. मी जी उचलली तिच्यात उद्दिष्टं नव्हती आणि फलकलेखनही नव्हतं. पहिल्याच पानावर होतं की काळ्या रानाला चैत्रात ज्या भेगा पडतात त्या उन्हानं पडत नाहीत, खाली खूप खोल कुणीतरी कूस बदलतं, त्याला 'तळचा' म्हणायचं, कारण त्याचं खरं नाव उच्चारायला लागणारा अवयव माणसाला नाही. मी वाचत राहिले. चहा उतू गेला, तुम्ही वळून बघितलंत, वही ओळखलीत आणि कपाळाला हात लावलात. मग म्हणालात, "आता वाचलंयस तर लिहावं लागंल."

ती वही तिघांची झाली. तुम्ही, मी आणि पाथरीचे ते पोस्टमास्तर, ज्यांना मी आयुष्यात दोनदाच भेटले. एसटीच्या ओळखीच्या कंडक्टरकडून वही पाथरीला जायची आणि फडक्यात बांधून महिन्या-दीड महिन्यानं परत यायची. मास्तरांनी 'पल्याडली' लिहिली, ताऱ्यांच्या मधल्या काळोखात राहणारी, जिची एक पापणी लवायला कित्येक युगं लागतात. मधेच ते 'बेइंतहा अंधार', म्हणजे अंत नसलेला, असं काहीतरी उर्दू वळणाचं लिहून जायचे आणि तुम्ही खूश व्हायचात. तुमचे नियम कडक होते. दुसऱ्यानं लिहिलेलं खोडायचं नाही, पटलं नाही तर पुढं लिहायचं. कुठल्याही खऱ्या गावाचं रान, विहीर, दगड घ्यायचा नाही. नावाच्या शेवटी 'बा' किंवा 'आई' लावायचं नाही. आणि सगळ्यात मोठा नियम, यातल्या कुणाकडं कुणी काही मागायचं नाही आणि मागितलं तरी त्यांनी ऐकायचं नाही. मी पहिल्याच गोष्टीत एका माजलेल्या पाटलाला भेगेत गाडला. मला वाटलं तुम्हाला आवडेल. तुम्ही वाचून वही मांडीवर ठेवलीत. "अगं, तुझा देव तर फौजदार झालाय की! एकदा दुष्टाला शिक्षा केली की संपलं. मग उद्या त्याला हार घाल, परवा नारळ फोड." मला रडू आलं होतं. तुम्ही समजूत काढली नाहीत, पण दुसऱ्या दिवशी हिरव्या शाईची दौत आणून दिलीत. हिरवी शाई साहेबलोकांची, आपण वापरायची नसते, असं मी म्हणाले. "शाळेत नको वापरू. आपल्या वहीत आपणच साहेब," असं म्हणून तुम्ही हसलात, आणि तुमचं ते हसणं फार क्वचित असायचं.

हे कशाला लिहायचं, असं मी एकदा विचारलं होतं. तुम्ही स्टोची पिन मारत होतात. म्हणालात, छप्पन्न साली दीक्षा घेऊन वडील घरी आले, देव्हाऱ्यातले टाक फडक्यात बांधले आणि तुम्हाला बरोबर घेऊन नदीत सोडून आले. परत येताना तुम्ही विचारलंत, "मग आता वर कोण हाय?" वडील म्हणाले, "वर कुणी न्हाई. खाली आपन हाव." तुम्ही म्हणालात, त्या वाक्यानं मला लय मोकळं वाटलं आणि लय भीतीही वाटली, दोन्ही एकदम. आई रिकाम्या कोनाड्याकडं बघत बसायची. वडिलांना मोकळं वाटणं तेवढं दिसायचं, आईला भीती तेवढी. "मी दोन्ही धरून बसलेय. एवढं मोठं आभाळ, आणि त्यात आपल्याला विचारणारं कुणी न्हाई. ही भीती काय लपवायची? लिहून काढायची. पण तिच्यापुढं हात मात्र जोडायचे न्हाईत." मी मान हलवली. आमच्या घरात तेहतीस कोटीतला एकही कमी झाला नव्हता, मला त्यातलं किती कळलं असेल देव जाणे. बघा, आताही 'देव जाणे' लिहून गेले.

त्या उन्हाळ्यात मी तुमचा एक नियम मोडला. आमचं गाव पेडगाव स्टेशनपासून दोन कोसांवर, ओढ्याच्या काठाला आमचं रान. बांधावर एक कमरेएवढा काळा दगड आहे आणि त्याच्या बुडाशी दर उन्हाळ्यात अशी भेग पडायची की विळा पडला तर परत मिळायचा नाही. मी माझ्या गोष्टीत तळच्याचं एक टोक त्या दगडाखाली आणून ठेवलं. गावाचं नाव घातलं नाही, पण दगड, बाभूळ, ओढ्याचं वळण सगळं जसंच्या तसं. वर शहाणपणा असा की चुलीपाशी बसून ती गोष्ट आईला सांगितली. आई भाकरी थापत होती. सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मंग त्येला काय लागतंय?" मी म्हटलं, त्याला काही लागत नाही. "कोंबडं?" काहीच नाही गं. "असं कसं? काईच लागत न्हाई म्हणल्यावर त्येच्याशी वागायचं कसं?" मला हसू आलं. तवा उतरवेपर्यंत ती विचारातच होती. पुढं कधीतरी मी तुम्हाला हे सांगितलं तेव्हा तुम्ही हसला नाहीत, दगड खरा आहे का, एवढंच विचारलंत. मी नाही म्हणाले.

मग विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि गावोगाव पेटलं. मी पंचमीला घरी आले होते. तुम्ही तुमच्या बहिणीच्या गावाला गेला होतात, पिंगळीपासून जवळच. एसट्या बंद झाल्या. कुठल्या गावची वस्ती जाळली, कुठल्या गावची माणसं रानात लपलीत, अशा बातम्या आमच्या ओट्यावर यायच्या आणि तिथं बसलेली माणसं त्या कशा आवाजात सांगायची, ते मी लिहीत नाही. तुमच्या बहिणीच्या गावाचं नावही आलं. मी थोरल्या भावाला म्हटलं, माझ्या शाळेतल्या बाई तिथं आहेत, मला जायचंय. तो ओरडला नाही. "घरातून पाऊल भाईर टाकायचं न्हाई," एवढं म्हणून जेवायला बसला. आठ दिवस तुमची काही खबर नव्हती. नवव्या दिवशी शाळेतला शिपाई बाजाराला आला आणि म्हणाला, बाई आल्यात, धडधाकट हायत.

मी शाळेत आले तेव्हा तुम्ही फळ्यावर अपूर्णांक लिहीत होतात. तुमच्या उजव्या मनगटावर पट्टी होती. खोलीवर गेल्यावर सांगितलंत, बहिणीचं घर गेलं, धान्य गेलं, माणसं वाचली, दोन दिवस उसात बसलो होतो. त्यापेक्षा जास्त तुम्ही कधी बोलला नाहीत. वही पाथरीला होती म्हणून राहिली, नाहीतर तुमच्या पिशवीतून तीही तिथं गेली असती. ती परत आल्यावर तुम्ही तिच्यात एकच प्रकरण लिहिलंत, पाऊण पानाचं. एक वस्ती जळते, माणसं पळतात, एक म्हातारी शेळी सोडायला परत जाते. शेवटचं वाक्य होतं, 'तळच्याला कळलंही नाही.' मी विचारलं, एवढंच? तुम्ही म्हणालात, "आधी वाटायचं, न ऐकणारे देव लय भयंकर. आता बरे वाटायलेत. निदान वर बसून सगळं बघत होता आणि गप बसला, असं तर कुणी न्हाई ना." मी तुमच्या मनगटाकडं बघत होते. त्यानंतर तुम्ही वहीत फारसं लिहिलं नाहीत.

इकडं गावात दगडाला कुंकू लागलं होतं. ते आईला दिसलं, पंचमीनंतर चार-सहा दिवसांत. ती सांगायची की मी रानात गेले तर कुंकू लागलेलंच होतं, ताजं. लोक म्हणायचे, म्हातारी उगंच म्हणती, तिनंच लावलं. पण काय असेल ते असो, तिनं दिवा लावायला सुरुवात केली. त्या वर्षी ओढ्यानं सगळ्यांचे बांध नेले, आमचा राहिला. मग शेजारचे आले. मग शेंदूर आला. 'तळचा' म्हणायला कुणाला जमेना, तसा तो तळोबा झाला. अमावस्येला बकरं पडायला लागलं. त्याला काय लागतं ते आईनं शोधून काढलं होतं. पाच वर्षांत ओटा झाला, वर पत्रे आले आणि भोवती तारेचं कुंपण. खरी अडचण त्या कुंपणाची झाली. आमच्या गावची बौद्ध वस्ती ओढ्याच्या अलीकडं. त्यांच्या विहिरीचं पाणी माघातच आटायचं, मग बाया बांधावरच्या पायवाटेनं पलीकडच्या झऱ्यावर जायच्या. ती पायवाट दगडाला लागून. देवाच्या अंगणातून यांनी घागरी न्यायच्या नाहीत, असं ठरलं. कोणी ठरवलं विचारलं तर सगळे दुसऱ्याचं नाव सांगायचे. बाया बाभळीच्या रानातून कोसभर वळसा घालून पाणी आणायला लागल्या. त्यातल्या एकीची मुलगी तुमच्या हाताखाली शिकली होती. तिनं तुम्हाला पत्र लिहिलं, त्यात देवाचं नाव होतं आणि ते वाचताच तुम्हाला सगळं समजलं.

तुम्ही आलात तेव्हा मी दिवाळीच्या सुट्टीला माहेरी होते. लग्न झालं होतं, थोरला मुलगा पोटात होता. तुम्ही आधी वस्तीत गेलात, मग आमच्या ओसरीवर येऊन बसलात. आईनं चहा दिला, कुठल्या कपात ते तुम्हीही पाहिलंत आणि मीही. तुम्ही पिशवीतून वही काढलीत. "माझं कुणी ऐकणार न्हाई. वस्तीची बाई देवाला खोटं म्हणायली, असंच म्हणतील. तू या घरची हायस. पारावर चल आणि एक वाक्य बोल, हा देव आमी दोघींनी वहीत लिहिला. बास." मी बरं म्हणाले. खरंच बोलायचं ठरवूनच मी उठले होते.

पारावर वीस-पंचवीस माणसं होती. वस्तीतल्या बाया लांब लिंबाखाली उभ्या, एक-दोघींच्या कडेवर पोरं. तुम्ही वर्गात वाचावं तसं पहिलं पान खणखणीत वाचून दाखवलंत. मागं कुणीतरी हसलं. एक म्हातारे म्हणाले, "बाई, तुमी शिकलेल्या. पर देव काय वहीतून निघतो व्हय?" तुम्ही म्हणालात, "ह्यो निघालाय. हिला विचारा." सगळ्यांनी माझ्याकडं बघितलं. आई आमच्या दारात उभी होती, पदर तोंडाला लावून. थोरल्या भावानं वही तुमच्या हातून घेतली, दोन पानं उलटली, हिरव्या शाईतलं माझं अक्षर त्याला दिसलं. त्यानं ते ओळखलं हे मला त्याच्या मानेवरून कळलं. त्यानं वही मिटली आणि मला विचारलं, "कशाची वही हाय ही?" मी कव्हरावर लिहिलेलं वाचलं. "पाठ टाचणाची हाय. मला दुसरं काई म्हाईत न्हाई." लिंबाखालची एक बाई घागर उचलून चालायला लागली, मग बाकीच्या तिच्या मागं गेल्या. तुम्ही वही घेतलीत, फडक्यात बांधलीत. गाठ बसायला जरा वेळ लागला.

पेडगावच्या फलाटावर मी तुम्हाला सोडायला आले. घरच्यांनी अडवलं नाही. आता त्यांना माझी भीती राहिली नव्हती. गाडी यायला तासभर होता. मला वाटत होतं तुम्ही बोलाल, मग मी रडेन, मग काहीतरी होईल. तुम्ही डब्यातली अर्धी भाकरी मला दिलीत, पोटुशी आहेस, उपाशी राहू नको म्हणून. शेवटी एवढंच म्हणालात, "तुझ्या आईला मी बोल लावत न्हाई. तिनं कुंकू लावलं, तिला कुणी काई सांगितलंच नव्हतं. तुला सांगितलं होतं." त्यावर मी गप्प राहिले. तुम्हाला वाटलं असेल, हिला लाज वाटायलीय. लाज होतीच, पण गप्प राहायचं कारण दुसरं होतं.

नंतर आपण तीनदा भेटलो, दोनदा लग्नांत आणि एकदा शिक्षकांच्या कसल्याशा प्रशिक्षणाला. तुम्ही माझ्या मुलांची चौकशी केलीत. वहीचं काय झालं ते मी विचारलं नाही, मला तो हक्कही नव्हता. तुम्ही गेल्याचं मला महिन्याभरानं कळलं. त्यानंतर दोन-अडीच वर्षांनी विद्यापीठाला नाव मिळालं, मी रेडिओवर ऐकलं, भाजी निवडत होते. हात थांबले, पण सांगायला कुणी नव्हतं. वस्तीला हातपंप मिळाला आणि बायांचा वळसा सुटला, त्यात माझा काडीचा वाटा नाही. ती पायवाट आता राहिलीच नाही, तिथं तळोबाची कमान आहे. आई जाईपर्यंत सांगत राहिली की कुंकू मी लावलं नव्हतं. तिचं कुणी ऐकलं नाही. शेवटच्या आजारात एकदा माझा हात धरून म्हणाली, "तू तरी मान गं." मी म्हटलं, झोप आता.

बाई, आई खरं बोलत होती. ते कुंकू माझं. तुमची खबर नव्हती त्या आठ दिवसांतला पाचवा दिवस असेल. मी देवघरातला करंडा पदराखाली घेतला, परसातून रानात गेले आणि दगडाला कुंकू लावून तुमचं नाव घेतलं. घरातल्या देवांपुढं तुमचं नाव घ्यायला माझी जीभ धजली नाही; ते आमच्या घरचे, ओट्यावर बसलेल्या माणसांचे. हा एकटाच होता जो कुणाच्याच बाजूचा नव्हता. तो ऐकत नाही हे मला पक्कं ठाऊक होतं, आपणच तसं लिहिलं होतं. तरी मी म्हणाले, एवढ्या एका बाईला परत येऊ दे. आणि तुम्ही आलात. मग ते खोटं आहे असं पारावर कोणत्या तोंडानं सांगायचं? भावाची भीती होती, पोटातल्या पोराचीही काळजी होती, पण खरं सांगायचं तर मला वाटत होतं की एकदा खोटं म्हटलं तर दिलेलं परत घेतलं जाईल.

हे तुम्हाला फलाटावर सांगायला हवं होतं. तुम्ही चिडला असतात, कदाचित त्या हिरव्या शाईच्या दिवसासारखं हसलाही असतात. आता हे पत्र पाकिटात घालून त्यावर लिहायला पत्ता नाही, आणि असता तरी मी टाकलं नसतं. माझ्या अंगात तेवढं बळ कधीच नव्हतं. एकच गोष्ट या दोन दिवसांत डोक्यातून जात नाही. त्या दिवशी एसट्या बंद होत्या, पण रूळ होते. घरातून लपून निघायची हिंमत मी त्या दिवशी केलीच होती. सकाळी निघून रुळाच्या कडेनं चालत राहिले असते तर दिवस मावळेपर्यंत पिंगळीला पोचले असते. मी बांधापर्यंत गेले आणि परत आले.